विंगेतून ऐकलेली मालिका

डब्लिनच्या विमानतळावर उतरले तेव्हा बाबांनी तोंडात मिठाची गुळणी धरली होती. तशी ती आई गेल्यापासूनच धरलेली होती, पण ते पुण्यात असताना फोनवर कळत नसे. फोनवर गप्प बसलेल्या माणसाला आपण नेटवर्क खराब आहे असं समजून सोडून देतो. इथे सँडीफोर्डच्या आमच्या फ्लॅटमध्ये ती गुळणी मफलर गुंडाळून समोरच्या सोफ्यावर बसलेली असायची. चहा हवा का विचारलं की मान हलायची, आणि ती होय म्हणून हलली की नाही म्हणून, हे आम्ही चहा करून ठरवायचो.

मी एका मेडिकल डिव्हाइस कंपनीत क्वालिटी विभागात आहे. कारखान्यातल्या माणसाने काय करायचं, कोणत्या हाताने करायचं, मग काय तपासायचं, हे इतक्या बारकाईने लिहून ठेवायचं की त्याला स्वतःचं डोकं चालवायची वेळच येऊ नये, हे माझं काम. घरीही मी तेच करते असं नवऱ्याचं म्हणणं आहे. ते खरं आहे, आणि त्यात मला काही गैर वाटत नाही. बाबा आल्यावर तर मला ऊतच आला. बाबा, स्वेटर घाला. बाबा, गरम पाण्याचा नळ डावीकडचा, आधी बोट लावून बघा. बाबा, पोहे प्रेसमध्ये आहेत, वरच्या कप्प्यात, मागे. कपाटाला इथले लोक प्रेस म्हणतात आणि आता आम्हीही म्हणतो. बाबा उठायचे, कपाट उघडायचे, बघायचे आणि पोहे न घेता परत येऊन बसायचे.

मला बाबा इथे कायमचे हवे होते. पुण्याचा फ्लॅट तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. बाथरूमची फरशी गुळगुळीत. शेजारचे लोक चांगले, पण ते मुलाकडे बंगलोरला निघालेले. मला भाऊ असता तर त्याने बघितलं असतं. पण मी एकटीच. व्हिसाची मुदत वाढवण्यासाठी लागणारी कागदपत्रं मी जमवत आणली होती आणि नवऱ्याने पुण्याच्या फ्लॅटसाठी त्याच्या ओळखीतलं एक जोडपं भाडेकरू म्हणून हेरून ठेवलं होतं. फक्त बाबांना विचारायचं राहिलं होतं. विचारायचं म्हणजे सांगायचं.

आमच्या टीव्हीवर एक चॅनल आहे, त्यावर दिवसभर जुन्या ब्रिटिश मालिकांचं शिळं वाढलेलं असतं. बाबांना सोबत म्हणून ते लावून ठेवायचं आणि मी डायनिंग टेबलवर ऑफिसचं काम करायचं, अशी आमची घडी बसली होती. एका दुपारी चारच्या सुमाराला मी मीटिंगमध्ये होते, आणि सोफ्यावरून आवाज आला.

“आता मेव्हणी येईल.”

मी हेडफोन काढला. टीव्हीत दारावरची बेल वाजली आणि हातात मोठी बॅग घेऊन एक बाई आत आली. पुढे कळलं की ती घरमालकिणीची बहीण.

“बॅग जिन्यात ठेवणार. आता हा धडपडणार,” बाबा म्हणाले. तो धडपडला.

ही मालिका मी कधी पाहिली नव्हती, पण तो जिना माझ्या ओळखीचा होता. त्याच नावाची नसली तरी याच गोष्टीची एक अमेरिकन मालिका माझ्या लहानपणी केबलवर लागायची. लॉन्ड्री चालवणारे नवरा-बायको, बायकोची बडबडी बहीण आणि जेवणाच्या वासावर बरोबर खाली येणारा वरच्या मजल्यावरचा भाडेकरू. आई-बाबा रोज रात्री जेवणं आवरून ती बघायचे. पहिल्यांदा बघून झाली, मग दुसऱ्या चॅनलवर पुन्हा लागली ती पुन्हा बघितली, मग कितीदा याला काही सुमार राहिला नाही. आईचं इंग्रजी यथातथाच होतं, पण ती विनोदाच्या क्षणभर आधी हसायची. बाबा म्हणायचे, तुझी आई हशा सुरू करून देते, मग अमेरिकेतले लोक हसतात.

त्याच मालिकेची ही ब्रिटिश आवृत्ती होती. जिना तोच, सोफा त्याच कोनात, गोष्टी त्याच. कॉफीच्या जागी चहा आला होता, बेसबॉलच्या जागी फुटबॉल, आणि माणसं अर्थातच दुसरी. बाबा ती डोळे बारीक करून बघत होते आणि प्रत्येक पात्राला त्याचं पुढचं वाक्य मराठीत देत होते.

इथे सांगायला हवं की बाबा प्रॉम्प्टर होते. पिंपरीच्या एका कारखान्यात ते स्टोअर्समध्ये नोकरीला, आणि संध्याकाळी कामगारांच्या नाटक मंडळात. स्टेजवर त्यांनी आयुष्यात पाय ठेवला नाही. चेहरा सपाट आणि उभं राहिलं की हातांचं काय करायचं ते कळत नाही, असं ते स्वतःच सांगायचे. पण आवाज असा होता की तो स्टेजच्या दुसऱ्या टोकाला पोचायचा आणि पहिल्या रांगेतल्या साहेबाला ऐकू जायचा नाही. विंगेत स्टूल टाकून, मांडीवर संहिता आणि तिच्यावर छोटी बॅटरी धरून त्यांनी वर्षानुवर्षं दुसऱ्यांची नाटकं सावरली. संहिता धरायची रीत म्हणून. पाठ त्यांना सगळंच असायचं.

“बसवलंय बरं,” पहिल्या दिवशी मालिका संपल्यावर ते म्हणाले, “पण ही बाई चुकलीय. हिला भांडता येत नाही. माफी मागितल्यासारखी भांडते.”

कित्येक महिन्यांत बाबा एका दमात इतकं बोलले नव्हते. मी मीटिंगमध्ये परत गेले तेव्हा माझं नाव दोनदा पुकारून झालं होतं.

मग रोज चार वाजता आमच्याकडे खेळ होऊ लागला. मुलगी शाळेतून यायची, दप्तर टाकून आजोबांशेजारी बसायची. तिला मराठी सगळं कळतं, पण उत्तर येतं ते इथल्या इंग्रजीत, शेवटचा सूर वर नेऊन. आजोबांनी भाडेकरूचं वाक्य त्याच्या आधी म्हटलं की ती ओरडायची, “आजोबा, स्पॉयलर्स!” बाबा म्हणायचे, “अगं, तो विसरला तर?” वीस-तीस वर्षांपूर्वी चित्रित झालेला माणूस आज कसा विसरेल, हा प्रश्न दोघांनाही पडत नसे.

बाबांची समीक्षाही सुरू झाली. जेवताना ते आम्हाला रूपांतर कसं करतात ते समजावू लागले. त्यांच्या मंडळाने परदेशी नाटकं कमी उचलली नव्हती. आपल्याकडे तो रिवाजच होता. “पण आधी माणसं आपली करायची,” ते म्हणायचे. “त्यांचा काका आपल्यात मामा होतो की शेजारी, ते ठरवायचं. मग वाक्यं आपोआप येतात. यांनी वाक्यं बदलली आणि माणसं तिकडेच ठेवली. करायला गेले गणपती, झाला मारुती.” नवरा मान डोलवायचा. त्याने एकही भाग पाहिला नव्हता.

बाबा बोलायला लागलेत तर हीच वेळ आहे, असं ठरवून मी एका रात्रीच्या जेवणात विषय काढला. इथली हवा, इथला डॉक्टर, तिथला जिना. बाबांनी भातावर वरण घेतलं, कालवलं आणि म्हणाले, “ही मालिका संपू दे. संपली की तिकीट काढ. तोवर बोलू नकोस.”

मला तर आनंदच झाला. अमेरिकन मालिका वर्षानुवर्षं चालली होती. त्यातली बायको तिच्यातच म्हातारी झाली होती. या हिशेबाने बाबा इथे किती काळ राहतील याचा अंदाज करून मी कढी दोनदा वाढून घेतली. नवऱ्याने टेबलाखालून माझ्या पायाला पाय लावला.

दुसऱ्या दिवशी मुलगी स्वयंपाकघरात आली, फोन पुढे केला आणि हळूच म्हणाली (आईला इथली मुलं मॅम म्हणतात), “मॅम, यू नो इट्स ओन्ली वन सिरीज? दे कॅन्सल्ड इट. नोबडी वॉच्ड इट, लाइक.”

एकच सिरीज, म्हणजे एकच हंगाम. ब्रिटिश लोकांची एक सिरीज म्हणजे किती, तर आमची गौरी-गणपतीची आरास जास्त दिवस टिकते. रोज एक भाग या वेगाने ती दुसरा आठवडा ओलांडतेय की नाही अशी स्थिती होती, आणि त्यातले अर्ध्याहून जास्त भाग आधीच संपले होते. मी मुलीला म्हटलं, आजोबांना यातलं काही सांगायचं नाही. ती म्हणाली, “ग्रँड,” म्हणजे इथल्या भाषेत ठीक आहे, आणि सफरचंद घेऊन गेली. नवऱ्याला म्हटलं, ती मूळची अमेरिकन मालिका कुठून तरी मिळव, या मालिकेच्या मागोमाग तीच लावून देऊ. त्याने मिळवली. मी बाबांना सहज विचारल्यासारखं विचारलं, “बाबा, ती जुनी बघायचीय का परत?”

“ती बघितलीय,” बाबा म्हणाले. “तुझ्या आईबरोबर.”

त्या शनिवारी आम्ही डून लेरीला गेलो, समुद्रावर. दगडी धक्क्यावर वारा तोंड फिरवत होता. मी बाबांना टोपी घालायला सांगितली, मग ती कानावर ओढायला सांगितली, मग भिंतीच्या आडोशाने चालायला सांगितलं, कुत्रा येतोय तो काही करत नाही हेही सांगितलं. बाबा धक्क्याच्या मधोमध थांबले.

“तू सगळं वाक्य देतेस,” ते म्हणाले.

“म्हणजे?”

“प्रॉम्प्टरने पहिला शब्द द्यायचा असतो. फक्त पहिला. पुढचं वाक्य नटाचं. सगळं वाक्य दिलं तर नट एक तर चिडतो, नाही तर खांबासारखा उभा राहतो.”

“मग तुम्ही चिडलायत का?”

“मी खांब झालोय,” बाबा म्हणाले, आणि टोपी काढून खिशात घातली.

मला राग आला. आमच्या कारखान्यात कुणी कामगाराला फक्त पहिला शब्द देऊन पुढचं त्याच्यावर सोडलं तर तपासणीला आलेले लोक आमची लाइन बंद करतील. हे मी बाबांना सांगितलं. ते म्हणाले, तुमच्या कारखान्यात बरोबर आहे. मग आम्ही आइस्क्रीम खाल्लं; त्या थंडीत खाणारे आम्ही एकटे नव्हतो, एवढंच आमच्या बाजूने म्हणता येईल.

शेवटच्या भागाच्या दिवशी मी अर्धी रजा काढली. मुलीची हॉकी होती, त्यामुळे आम्ही दोघंच होतो. गोष्ट नेहमीचीच. लॉन्ड्री विकायची की नाही यावर नवरा-बायको भांडतात, ती माफी मागितल्यासारखी भांडते, तो धडपडतो. अगदी शेवटी फोन वाजतो. बायको फोन उचलते, “हॅलो?” म्हणते, आणि नावं वर सरकायला लागतात. अमेरिकेत तो फोन तिच्या आईचा होता आणि त्या आईने पुढे दोन वर्षं त्या घरात धुमाकूळ घातला होता. इथे फोनवर कोण होतं ते कुणालाच कळणार नव्हतं. जाहिराती लागल्या. त्या संपल्यावर जुन्या घड्याळांचा लिलाव करणारा एक कार्यक्रम सुरू झाला.

“यांना कुणी सांगितलं नव्हतं वाटतं,” बाबा म्हणाले, “आजचा शेवटचा आहे म्हणून.”

मी म्हटलं, “तुम्हाला माहीत होतं?”

“पहिल्याच दिवशी कळलं. विंगेत बसणाऱ्याला नट काय, पाठमोरा दिसतो. त्याला हॉल ऐकू येतो. हे लोक अमेरिकन हशाएवढे थांबत होते आणि हशा तेवढा येतच नव्हता. बाकीचा मागाहून चिकटवलेला. असं नाटक चार प्रयोगांच्या वर जात नाही.”

“आणि तरी मला म्हणालात मालिका संपेपर्यंत थांबतो. फसवलंत मला.”

“आणि तू? भाडेकरू शोधून ठेवलेस. जावई फोनवर बोलतो तो पार तिकडे कॉर्क शहरापर्यंत ऐकू जातो. ताकाला जाऊन भांडं लपवत होतीस इतके दिवस.” हे ते चिडून म्हणाले नाहीत, चूक दाखवावी तसं म्हणाले. “काढ तिकीट.”

मग माझा तोल गेला. मी सगळं पुन्हा सांगितलं, मोठ्या आवाजात. जिना, लिफ्ट, फरशी, शेजारी, बीपीच्या गोळ्या, पुण्यातली रहदारी, हिवाळ्यात वाढणारा खोकला. सांगता सांगता मी बोटं मोजत होते हे माझ्या लक्षात आलं आणि मी हात खाली घेतले.

बाबा ऐकून घेत होते. मी थांबल्यावर म्हणाले, “हे पाठ केलेलं आहे. तुझं वाक्य काय आहे?”

“बाबा, मला…” मी म्हटलं, आणि पुढे काही येईना.

टीव्हीतली ती बाई “हॅलो?” म्हणून तशीच राहिली होती. माझ्या डोळ्यांपुढून ती हलेना. आईचा माझ्याशी शेवटचा फोन असाच संपला होता. मी सकाळी ऑफिसला निघाले होते, लुआसच्या, म्हणजे इथल्या ट्रामच्या, स्टॉपवर उभी होते. तिकडे दुपारच्या चहाची वेळ. ती मला कुणाच्या तरी साखरपुड्यातली एक गंमत सांगत होती, नीट रंगवून, आणि गंमत यायच्या जागेवर येऊन म्हणाली, “थांब गं, दूध उतू जातंय. नंतर बोलू.” ट्राम आली, मी चढले. संध्याकाळी फोन आला तो बाबांचा होता. साखरपुड्यात काय झालं ते मला अजून माहीत नाही. तेव्हापासून पुण्याचा फोन मध्येच कट झाला की मी तो लागेपर्यंत पुन्हा पुन्हा लावत राहते, मग ते नेटवर्क असो की बॅटरी. हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. नवऱ्यालाही नाही. जिना आणि फरशी सांगणं सोपं होतं.

बाबा टीव्हीकडेच बघत होते. कुणी तरी एक घड्याळ उलटं करून दाखवत होतं. आणि मग त्या आवाजात, जो मी लहानपणी विंगेत त्यांच्या स्टुलाशेजारी जमिनीवर बसून ऐकला होता, ओठ जवळजवळ न हलवता ते म्हणाले, “भीती.”

“भीती वाटते,” मी म्हटलं. “तुम्ही तिकडे असताना फोन मध्येच ठेवाल आणि मग…” तेवढं बोलून मी रडले. बऱ्याच दिवसांचं होतं. बाबांनी मला थोपटलं वगैरे नाही, तसा त्यांचा स्वभाव नाही. त्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला.

मग म्हणाले, “तिने फोन ठेवला तेव्हा मी तिथेच उभा होतो. ओट्यापाशी. दूध मला उतरवता आलं असतं. तिला बोलू द्यायला हवं होतं.”

हे त्यांनीही कुणाला सांगितलं नव्हतं.

“मग राहा ना इथे,” मी म्हटलं. पहिल्यांदाच विचारलं.

“नाही,” बाबा म्हणाले. “तिकडे माझं घर आहे. पोहे कुठे आहेत ते मला माहीत आहे.” आणि मग, “पण आता कळलं तुझं काय आहे ते. इतके दिवस मी म्हणत होतो, ही फरशीबद्दल इतकं का बोलते.”

तिकीट काढलं. भाडेकरूंना नवऱ्याने नाही म्हणून कळवलं. ते थोडे रागावले. विमानतळावर मुलीने आजोबांना मिठी मारली आणि इंग्रजीत बरंच काही सांगितलं. बाबांनी मराठीत उत्तरं दिली. मी फक्त म्हटलं, “बाबा, पासपोर्ट.” “वरच्या खिशात आहे, डाव्या,” ते म्हणाले, आणि आत गेले. वळून बघतील असं मला वाटलं होतं. बघितलं नाही.

बाबा आता रोज आमच्या चार वाजता फोन करतात. त्या चॅनलवर त्या वेळेला अजून घड्याळंच विकतात. तिकडे रात्र झालेली असते, जेवण झालेलं असतं, विरजणाचं दूध गॅसवर असतं. कुणाच्या घरी कोण आलं, जिन्यातला दिवा कुणी बदलला, नाटकाला जाऊन आलो, दुसऱ्या अंकात नट वाक्य विसरला आणि विंगेतून कुणी काही दिलं नाही, असलं काहीबाही. सगळं शेवटपर्यंत सांगतात. “झालं माझं. आता ठेवतो,” असं म्हणतात, मी “बरं” म्हणेपर्यंत थांबतात आणि मगच ठेवतात.

परवा बोलता बोलता मागून फस्स असा आवाज आला. मग जळल्याचा चरचराट. मी इथे सँडीफोर्डच्या स्टॉपवर उभी होते आणि माझी ट्राम लागली होती.

“बाबा, दूध,” मी म्हटलं.

“जाऊ दे,” बाबा म्हणाले. “तर मी काय सांगत होतो…”

मी ट्राम सोडली.